चहाचा ट्रे घेऊन येणारी बाई

१९४६ साली इंग्लंडमध्ये 'आय सी अ डार्क स्ट्रेंजर' नावाचा चित्रपट आला. युद्धकाळातली हेरगिरी, इंग्रजांवरचा राग डोक्यात घेऊन घराबाहेर पडलेली एक आयरिश मुलगी, आणि त्या मुलीच्या कामात डेबोरा कार. तिचं नाव तेव्हा नुकतंच होऊ लागलं होतं. पुढच्याच वर्षी तिचा पहिला हॉलिवूडपट आला. या चित्रपटाच्या नामावलीत, बरंच खाली, 'म्हातारी बाई' असं एक पात्र आहे. पात्राला नाव द्यायची कुणाला गरज वाटलेली नाही. ते काम करणाऱ्या बाईंचं नाव केटी जॉन्सन. वय सदुसष्ट.

दहा वर्षांनी, १९५६ मध्ये, ब्रिटिश फिल्म अकादमीने आदल्या वर्षातली सर्वोत्कृष्ट ब्रिटिश अभिनेत्री निवडली. यादीत डेबोरा कार होती, मार्गारेट लॉकवुड होती, मार्गारेट जॉन्स्टन होती. पुरस्कार केटी जॉन्सन यांना मिळाला, 'द लेडीकिलर्स'साठी. अभिनेत्याचा पुरस्कार त्या वर्षी लॉरेन्स ऑलिव्हिएने नेला, 'रिचर्ड द थर्ड'साठी. एकीकडे शेक्सपिअरचा कुबडा राजा आणि दुसरीकडे लंडनच्या रेल्वेलाइनीच्या कडेला खोल्या भाड्याने देणारी एक विधवा, असं ते जोडपं होतं.

ब्रिटिश सिनेमाबद्दल लिहिणारे लोक ही हकिगत बहुधा कृतार्थतेच्या सुरात सांगतात. आयुष्यभर कुणी विचारलं नाही, शेवटी नशीब उघडलं, देवाघरी देर आहे अंधेर नाही, वगैरे. मला या सुराचा कंटाळा आहे. केटीबाई कुणाची वाट बघत बसलेल्या नव्हत्या. त्या काम करत होत्या, आणि सतत करत होत्या. १८९४ मध्ये रंगभूमीवर पहिलं पाऊल टाकलं तेव्हा त्यांचं वय पंधरा होतं. १९५५ मध्ये त्यांना काही नवं सुचलं, असंही झालं नाही. एका दिग्दर्शकाने त्या नेहमी करत आलेलं छोटं काम उचललं आणि चित्रपटाच्या मधोमध ठेवलं. ते कसं घडलं, हे पाहणं मला जास्त मोलाचं वाटतं.

बाईंचा जन्म १८ नोव्हेंबर १८७८ चा, ससेक्स परगण्यातल्या क्लेटनचा. हे गाव इंग्लंडमध्ये ज्यांना माहीत आहे, त्यांना ते बोगद्यामुळे माहीत आहे. लंडनहून ब्रायटनला जाणारी रेल्वेलाइन इथे टेकडीच्या पोटातून जाते. बोगद्याच्या उत्तरेकडच्या तोंडाला किल्ल्यासारखे बुरूज बांधलेले आहेत आणि त्या दोन बुरुजांच्या मध्ये, थेट रुळांच्या डोक्यावर, एक छोटं घर आहे. १८६१ साली याच बोगद्यात दोन गाड्यांची टक्कर होऊन तेवीस माणसं मेली होती. बाईंच्या जन्माआधी सतरा वर्षं. हे सगळं इथे सांगायचं कारण पुढे येईल. योगायोगांना अर्थ असतो असं मी मानत नाही, पण हा योगायोग इतका नेमका आहे की टाळवत नाही.

त्या काळातल्या इंग्लिश नटनट्यांचं आयुष्य म्हणजे फिरती. लंडनमध्ये नाव असलेली मूठभर मंडळी सोडली तर बाकीच्यांनी गावोगाव हिंडायचं: आठवडाभर एका गावी खेळ, शनिवारी रात्री शेवटचा पडदा पडला की सामान बांधायचं, आणि रविवारी आगगाडीने पुढच्या मुक्कामी. रविवारी क्रू स्टेशनवर एकाच वेळी अनेक नाटक कंपन्या गाड्या बदलत असत आणि फलाटावरच जुन्या ओळखींच्या गाठी पडत. मुक्कामाला हॉटेल परवडत नसे. प्रत्येक गावात नाटकवाल्यांना खोल्या देणाऱ्या घरमालकिणी असत. कोण मायाळू, कोण कजाग, कुणाकडे अंथरूण कोरडं मिळतं आणि कुणाकडे बटाटे कच्चे, याची बातमी एका कंपनीकडून दुसरीकडे जायची. रात्री उशिरा परतणारे, जिन्यावर मोठ्याने बोलणारे, तालमीच्या नावाखाली दार लावून बसणारे हे भाडेकरू त्या बायकांनी वर्षानुवर्षं सांभाळले. ब्रिटिश विनोदात घरमालकीण हे जे पक्कं पात्र होऊन बसलं, त्याचं मूळ इथे आहे. ते पात्र लिहिणारे आणि करणारे बहुतेक सगळे कधी ना कधी तिच्या छपराखाली राहून गेलेले होते.

१९०८ मध्ये केटीबाईंनी फ्रँक बेली या नटाशी लग्न केलं. चित्रपटात त्यांनी पहिलं पाऊल टाकलं ते १९३२ मध्ये, त्रेपन्नाव्या वर्षी, आणि तोवर त्या विधवा झालेल्या होत्या.

त्रेपन्नाव्या वर्षी कुणाही नटीला चित्रपटांचं दार एकाएकी का उघडावं? याचं उत्तर कलेत नाही, कायद्यात आहे. विसाच्या दशकात ब्रिटिश चित्रपटगृहांतून अमेरिकन चित्रपटांचा इतका सुळसुळाट झाला होता की १९२७ मध्ये सरकारने कायदा केला: वितरकांनी आणि थिएटरवाल्यांनी अमुक एक हिस्सा ब्रिटिश चित्रपट घेतलेच पाहिजेत. हा हिस्सा टप्प्याटप्प्याने वाढत २० टक्क्यांपर्यंत जाणार होता. अमेरिकन कंपन्यांनी त्यावर साधा उपाय शोधला. त्यांनी लंडनमध्येच अत्यंत स्वस्तातले चित्रपट काढवून घ्यायला सुरुवात केली. फुटाला एक पाउंड हा त्यांचा सर्रास बोलला जाणारा दर. दहा-बारा दिवसांत चित्रीकरण उरकायचं. चित्रपट कुणी बघितला नाही तरी चालेल, हिशेबाच्या वहीत ब्रिटिश फुटांची नोंद झाली की झालं.

या घाईच्या कारखान्याला शिकवत बसावं लागणार नाही अशी माणसं हवी होती. नुकताच बोलपट आला होता, तेव्हा उच्चार स्वच्छ हवेत. एकदा सांगितलं की जागा पक्की लक्षात राहिली पाहिजे, दुसऱ्या टेकचे पैसे नाहीत. आणि मोलकरीण, आत्या, शेजारीण, आजी ही सगळी पात्रं दार उघडताक्षणी ओळखू आली पाहिजेत, कारण त्यांची ओळख करून द्यायला पटकथेत जागाच नसायची. चाळीस वर्षं फिरतीवर काढलेल्या नटनट्या हे सगळं आयतं घेऊन येत. 'आफ्टर ऑफिस अवर्स'पासून केटीबाईंचा या रांगेत प्रवेश झाला, आणि पुढली पंचवीस वर्षं त्या रांगेतून बाहेर पडल्या नाहीत.

सगळीच कामं टाकाऊ चित्रपटांतली नव्हती. १९३६ मध्ये कॅरल रीडने प्रीस्टलीच्या नाटकावरून 'लॅबर्नम ग्रोव्ह' केला. उपनगरातला एक पापभीरू दिसणारा गृहस्थ प्रत्यक्षात बनावट चलनाच्या धंद्यात आहे, अशी ती गोष्ट. गृहस्थ एडमंड ग्वेन आणि त्याची बायको केटी जॉन्सन. १९४० मध्ये थोरोल्ड डिकिन्सनचा 'गॅसलाइट' आला. त्यात सुरुवातीलाच एका श्रीमंत म्हातारीचा खून होतो; तिच्या मोलकरणीचं काम बाईंकडे होतं. या चित्रपटाचं नशीब विचित्र. हॉलिवूडच्या एमजीएमने कथेचे हक्क विकत घेऊन १९४४ मध्ये इन्ग्रिड बर्गमनला घेऊन स्वतःचा 'गॅसलाइट' काढला आणि ब्रिटिश आवृत्ती पुसून टाकायचा चंग बांधला. प्रती वाचल्या म्हणून ती मोलकरीण आज आपल्याला दिसते. १९४४ मध्येच 'टॉनी पिपिट' आला: ऐन युद्धात एका खेडेगावात दुर्मीळ पक्ष्यांची जोडी घरटं करते आणि सगळं गाव, सैन्यासकट, त्यांच्या अंड्यांच्या रक्षणाला उभं राहतं. इतका इंग्लिश विषय इंग्लंडबाहेर कुणाला सुचला नसता. त्या गावात मिस पायमन म्हणून केटीबाई आहेत.

अशी यादी वाढवता येईल, पण तिने फारसं काही हाती लागत नाही. एकामागून एक आज्या, आत्या आणि नाव नसलेल्या वृद्धा. एक काम मात्र वगळून चालणार नाही. १९५३ च्या उन्हाळ्यात बीबीसी टेलिव्हिजनने 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' ही सहा भागांची मालिका केली. अंतराळात गेलेला अग्निबाण परत येताना लंडनमधल्या घरांवर कोसळतो आणि त्यातून जे बाहेर येतं ते माणूस राहिलेलं नसतं. लेखक नायजेल नील. प्रक्षेपण ॲलेक्झांड्रा पॅलेसमधल्या स्टुडिओतून थेट. चूक झाली तर सगळ्या देशादेखत. त्या पडझडीत सापडलेल्या मिस वाइल्ड या वृद्धेचं काम चौऱ्याहत्तर वर्षांच्या केटीबाईंनी केलं. मालिकेचे पहिले दोनच भाग आज शिल्लक आहेत. मोडकळीला आलेलं घर, त्यात जग उलटंपालटं झालं तरी आपल्या सवयी न सोडणारी म्हातारी आणि बाहेर तिच्याकडे जरा कौतुकाने, जरा अधीरतेने बघणारे पुरुष: हा साचा इथे तयार आहे. दोन वर्षांनी तो साचा पुन्हा वापरला गेला, फक्त आकाशातून पडणारी आपत्ती तेवढी बदलली.

ईलिंग हा लंडनच्या पश्चिमेकडचा स्टुडिओ. १९३८ पासून मायकेल बाल्कन त्याचे प्रमुख. युद्धानंतर इथे एका विशिष्ट चवीचे विनोदी चित्रपट निघाले. 'व्हिस्की गलोर', 'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स', 'द लॅव्हेंडर हिल मॉब'. नियम, रांगा आणि रेशनकार्डांना वैतागलेली साधी माणसं सभ्यपणे बंड करतात, हे त्यांचं सूत्र. १९५५ उजाडेपर्यंत ते सूत्र थकलं होतं, रेशनिंग संपलं होतं, आणि स्टुडिओची वास्तू बीबीसीला विकली गेली. 'द लेडीकिलर्स' हा त्या वास्तूतल्या शेवटच्या दिवसांतला चित्रपट.

त्याचा पटकथाकार विल्यम रोझ हा अमेरिकेतल्या मिझुरीचा. युद्धात कॅनडाच्या सैन्यातून इंग्लंडला आला आणि राहिला. अख्खी गोष्ट त्याला स्वप्नात दिसली, असं सांगतात: पाच दरोडेखोर एका म्हातारीच्या घरी राहतात, तिला सगळं कळतं, तिला मारायचं ठरतं, ते काही जमत नाही आणि पाचही जण मरतात. दिग्दर्शक अलेक्झांडर मॅकेंड्रिकचा जन्म बॉस्टनचा, वाढला ग्लासगोत आजीआजोबांकडे. दोघांचं पटेना, रोझ रागावून निघून गेला आणि उरलेली पटकथा मॅकेंड्रिक आणि सेथ होल्ट यांनी त्याच्या टिपणांवरून जुळवली. छायाचित्रकार ओटो हेलर आणि दरोडेखोरांतला एक, हर्बर्ट लॉम, हे दोघे प्रागचे. ज्या चित्रपटाला आज अस्सल इंग्लिश म्हणून मिरवतात तो बऱ्याच अंशी बाहेरच्या माणसांनी बनवला, आणि मला वाटतं म्हणूनच तो इतका धारदार आहे. घरच्या म्हातारीकडे घरचा माणूस इतका रोखून बघत नाही.

या म्हातारीच्या, म्हणजे मिसेस विल्बरफोर्सच्या, कामासाठी केटी जॉन्सन यांचं नाव निघालं तेव्हा स्टुडिओने ते बाजूला ठेवलं. वय शहात्तर. रोज सेटवर यायचं, जिने चढायचे, नायकाइतकाच वेळ कॅमेऱ्यासमोर राहायचं. बाईंना झेपणार नाही, त्यांची प्रकृती फार नाजूक, असं ठरलं आणि त्यांच्याहून तरुण नटीला काम दिलं गेलं. चित्रीकरण सुरू होण्यापूर्वी ती तरुण नटी वारली, असं चित्रपटाच्या हकिगतींत नेहमी सांगितलं जातं. काम फिरून केटीबाईंकडे आलं. पडद्यावरचे पाच दरोडेखोर नेमकी हीच चूक करतात. म्हातारीला फुंकर मारली तर उडून जाईल असं धरून ते आपला बेत आखतात, आणि शेवटी घरात उभी राहते ती फक्त म्हातारी.

आता ते घर. किंग्ज क्रॉस स्टेशनच्या उत्तरेला कोपनहेगन टनेल आहे. त्याच्या दक्षिणेकडच्या तोंडावर, फ्रेडेरिका स्ट्रीटच्या टोकाला, ईलिंगच्या कारागिरांनी मिसेस विल्बरफोर्सचं घर उभारलं. बॉम्बवर्षावात पाया हलल्यामुळे ते एका बाजूला झुकलेलं आहे. आत तसबिरी कितीही सरळ केल्या तरी वाकड्या होतात, आणि मागच्या खिडकीखालून वाफेचे लोट सोडत गाड्या बोगद्यात शिरतात. क्लेटनच्या बोगद्यावरचं घर इथे आठवतं. समोरचं दृश्य मात्र तिथलं नाही: दारात उभं राहिलं की दिसणारा सेंट पँक्रसचा मनोरा आर्गाइल स्ट्रीटवरून टिपलेला आहे. सिनेमाने लंडनचे दोन तुकडे शिवून एक गल्ली बनवली.

चित्रपटाची सुरुवात पोलिस चौकीत होते. मिसेस विल्बरफोर्स साहेबांना सांगायला आल्या आहेत की त्यांच्या मैत्रिणीने परग्रहावरच्या माणसांबद्दल दिलेली तक्रार कृपया विसरावी. मैत्रिणीने रेडिओवर तसला कार्यक्रम ऐकला होता आणि ती पेंगली होती. दोन वर्षांपूर्वी स्वतः केटीबाई तसल्याच कार्यक्रमात अग्निबाणाखाली सापडल्या होत्या, हे ध्यानात घेतलं तर या प्रसंगाची गंमत वाढते. साहेब हसतमुख, हवालदार हसतमुख. बाई बऱ्याचदा येतात, काहीबाही सांगतात, छत्री विसरून जातात. बाईंनी सांगितलेल्या कुठल्याही गोष्टीवर चौकीतला कुणी विश्वास ठेवणार नाही, ही व्यवस्था पहिल्या पाच मिनिटांत पूर्ण होते. शेवट याच व्यवस्थेवर उभा आहे.

मग दारावर सावली पडते. प्रोफेसर मार्कस, म्हणजे ॲलेक गिनेस, पुढे आलेले दात आणि विस्कटलेले केस घेऊन खोल्या भाड्याने मागायला येतात. आपली पाच वादकांची मंडळी आहे, सरावाला शांत जागा हवी. वरच्या खोलीत ग्रामोफोनवर बोकेरिनीचा मिन्युएट लावून पाचही जण किंग्ज क्रॉसच्या दरोड्याचा बेत रचू लागतात. त्यांत मेजर म्हणून सेसिल पार्कर, छाती काढून चालणारा आणि आतून भुसभुशीत. लॉम गुंड. पीटर सेलर्स तेव्हा तिशीच्या उंबरठ्यावर, रेडिओवर गाजलेला, मोठ्या चित्रपटात नवखा. पाचवा डॅनी ग्रीन, पहिलवानी अंगाचा, मंद डोक्याचा 'वन-राउंड'. त्याला बाईंचं नाव काही लक्षात राहत नाही. घर कललेलं, म्हणून तो त्यांना 'मिसेस लॉपसाइडेड' म्हणतो.

आणि दर थोड्या वेळाने दारावर टकटक. मिसेस विल्बरफोर्स ट्रे घेऊन उभ्या: चहा घेणार का? ग्रामोफोन थांबवा, व्हायोलिनं उचला, चेहरे कलावंतांचे करा. दार उघडतं, बाई दोन शब्द कौतुकाचे बोलतात, जातात. पुन्हा बेत, पुन्हा टकटक. पोपटाला औषध पाजायला जरा मदत कराल का? पाच सराईत गुन्हेगार पोपटामागे घरभर, छपरावर धावतात.

इथे थांबून बघावं असं काहीतरी आहे. ट्रे घेऊन दारात येणारी म्हातारी हेच केटीबाईंचं आयुष्यभराचं काम. इतर कुठल्याही चित्रपटात ती येते, कथेला एक टेकू देते, आणि नायक पुन्हा बोलू लागण्यापूर्वी जाते. चाळीस-पन्नास सेकंद. दुय्यम नटाला पहिला धडा हाच मिळतो: प्रवेश स्वच्छ हवा, निघणं वेळेवर हवं, आणि मधल्या वेळात मुख्य नटाच्या आड येऊ नये. मॅकेंड्रिकने या धड्यातला फक्त एक शब्द बदलला. त्याची बाई जात नाही. गेली तरी परत येते. गिनेस, पार्कर, लॉम, सेलर्स अशी एकाहून एक वजनदार माणसं खोलीत असताना प्रत्येक प्रसंगाची लगाम दारात उभ्या असलेल्या बाईच्या हाती राहते.

आणि केटीबाई हे सगळं कसं करतात? काहीही न वाढवता. गिनेस भोवती काय काय करतो: मान तिरपी, बोटं लांब, हसू किंचित उशिराने येणारं. ॲलेस्टर सिम या नटाची छाया त्या कामावर आहे हे तेव्हाच लोकांनी ओळखलं होतं, आणि काम झकास आहे यात शंका नाही. बाई मात्र समोरच्याचं वाक्य पूर्ण होऊ देतात, एक क्षण घेतात आणि साध्या सुरात उत्तर देतात. विनोद आपण करतो आहोत याची जाणीव त्यांच्या चेहऱ्यावर कुठेही नाही. ऐंशीच्या घरातली माणसं ऐकताना जसं तोंड किंचित वर करतात तसं त्या करतात, एवढीच लकब. दरोड्याच्या पैशांचं प्रसंगनाट्य बघा. ६० हजार पाउंड भरलेली ट्रंक स्टेशनवरून आणायचं काम दरोडेखोरांनी बाईंना कळू न देता त्यांच्याच गळ्यात घातलेलं असतं. टॅक्सी निघते, वाटेत एक भाजीवाला आपला माल खाणाऱ्या घोड्याला मारताना दिसतो, आणि बाई टॅक्सी थांबवून त्याला सुनावायला उतरतात. गल्लीभर दंगल उसळते. दूरून बघणाऱ्या टोळीचा जीव टांगणीला. बाईंच्या लेखी मात्र मुद्दा एकच: मुक्या जनावराला मारायचं नाही. केटीबाईंनी तो राग इतका खरा ठेवलाय की हसता हसता आपणही क्षणभर घोड्याच्या बाजूला जातो.

पैसे घेऊन टोळी निघते तेव्हा वन-राउंडच्या चेलोच्या पेटीचा पट्टा दारात अडकतो, पेटी उघडते, नोटा रस्त्यावर पसरतात. बाईंना सगळं कळतं. त्यांचा आवाज चढत नाही. पाच पुरुषांना त्या शाळकरी पोरांसारखं रागावतात आणि नेमक्या त्याच वेळी चहाला बोलावलेल्या मैत्रिणी येऊन ठेपतात. पाच दरोडेखोर हातात नाजूक कप घेऊन म्हाताऱ्यांच्या घोळक्यात उभे! पुढे त्यांना पटवायचा प्रयत्न होतो: विमा कंपनी नुकसान भरून देणार, प्रत्येक विमाधारकाच्या हप्त्यावर फार तर एक फार्दिंग वाढेल, परत कुणालाच हे पैसे नको आहेत. हे अर्थशास्त्र बाईंना पटत नाही. चोरी ती चोरी.

त्याच सुमाराचा एक छोटा प्रसंग मला चित्रपटाचा कणा वाटतो. बोकेरिनी ऐकून मिसेस विल्बरफोर्सना आपला एकविसावा वाढदिवस आठवतो. पँगबोर्नला समारंभ होता, वादक वाजवत होते, इतक्यात कुणीतरी येऊन सांगितलं की म्हाताऱ्या राणीसाहेब गेल्या, आणि मंडळी घरी परतली. म्हणजे जानेवारी १९०१. तो शोक खरोखर घडला तेव्हा केटी जॉन्सन बावीस वर्षांच्या होत्या आणि सहा-सात वर्षं रंगभूमीवर काम करत होत्या. राणी व्हिक्टोरियाच्या मृत्यूची बातमी ज्या कानांनी ऐकली तेच कान १९५५ मध्ये ती आठवण सांगत होते. बाकी कुणा तरुण नटीने केस पांढरे करून हे वाक्य म्हटलं असतं, तर ते नुसतं वाक्य राहिलं असतं.

मॅकेंड्रिकने पुढे आपल्या चित्रपटाकडे ब्रिटनचं रूपक म्हणूनही बोट दाखवलं: पाया खचलेलं, जुन्या शिस्तीवर चालणारं घर आणि त्याच्या पुढच्या खोलीत चहा ओतणारी म्हातारी. वाचणाऱ्याला हे पटो न पटो, पण म्हातारीने ते रूपक साकारायला जराही मदत केलेली नाही हे तिचं मोठेपण. ती फक्त मिसेस विल्बरफोर्स आहे. नवरा चिनी समुद्रातल्या वादळात जहाजाबरोबर बुडाला, त्याने वाचवलेले पोपट अजून आहेत. त्यांतल्या एकाचं नाव जनरल गॉर्डन.

उरलेली गोष्ट झटपट घडते. काडी ओढून बाईंना कोण मारणार ते ठरतं, कुणालाच मारवत नाही, आणि एकमेकांवरच्या संशयातून एकेक जण संपतो. प्रेतं घरामागच्या कठड्यावरून खालून जाणाऱ्या मालगाडीच्या डब्यांत. शेवटी सिग्नलचा हात प्रोफेसरच्या डोक्यावर पडतो. सहा प्रमुख पात्रांतली पाच मारून याला विनोदी चित्रपट म्हणायचं कसं, अशी शंका स्टुडिओतच निघाली होती. बाई या सगळ्या वेळी खुर्चीत झोपलेल्या असतात. मग त्या चौकीत जाऊन सगळं खरं सांगतात, आणि अर्थातच कुणी विश्वास ठेवत नाही. पैसे तुम्हीच ठेवा, साहेब प्रेमाने म्हणतात.

चित्रपट डिसेंबर १९५५ मध्ये प्रदर्शित झाला. ब्रिटिश अकादमीने बाईंसोबत रोझच्या पटकथेचाही गौरव केला, आणि अमेरिकेत रोझला ऑस्करसाठी नामांकन मिळालं. मॅकेंड्रिक लगेच हॉलिवूडला जाऊन 'स्वीट स्मेल ऑफ सक्सेस'च्या तयारीला लागला. केटीबाईंनी त्यानंतर एकच चित्रपट केला, 'हाउ टु मर्डर अ रिच अंकल'. दिग्दर्शक नायजेल पॅट्रिक, काकांच्या कामात चार्ल्स कोबर्न, आणि एका किरकोळ कामात मायकेल केन नावाचा अनोळखी पोरगा. पुन्हा एक घर, पुन्हा खुनाचे बेत, पुन्हा भलत्यांचेच मुडदे. तो १९५७ मध्ये आला. ४ मे १९५७ रोजी केंटमधल्या एलहॅम इथे बाई वारल्या. वय अठ्ठ्याहत्तर.

२००४ मध्ये कोएन बंधूंनी 'द लेडीकिलर्स' नव्याने केला. किंग्ज क्रॉसऐवजी अमेरिकेतली मिसिसिपी, प्रोफेसरच्या कामात टॉम हँक्स, आणि घरमालकीण म्हणून इर्मा हॉल ही अडुसष्ट-एकोणसत्तर वर्षांची कृष्णवर्णीय चरित्र अभिनेत्री. चित्रपट समीक्षकांना फारसा रुचला नाही, आणि हँक्सच्या त्या कामाबद्दल आज कुणी बोलत नाही. कान महोत्सवात त्या वर्षी चित्रपटाच्या वाट्याला ज्यूरी पुरस्कार आला, तो इर्मा हॉलला.